देवडीवरची बदली

बकुळाबाई काकडे भर रस्त्यात बसल्या, ही बातमी देवासच्या त्या गल्लीत पसरली तेव्हा निम्म्या लोकांना वाटलं त्यांना चक्कर आली असेल. ते लिंबूपाणी घेऊन धावले. उरलेले निम्मे मोबाइल घेऊन धावले. कारण बकुळाबाई रस्त्यात बसणाऱ्यांतल्या नव्हत्याच. त्या स्वतःच्या ओट्यावरसुद्धा बसत नसत. भाजीवाल्याशी बोलायचं तरी डोक्यावर पदर, दार अर्धं लोटलेलं, आणि भावात घासाघीस नाही. सरकारी शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेल्या बाईला रस्त्याचं काय काम?

पण त्या बसल्या होत्या, आणि रीतसर बसल्या होत्या. खाली आहेरात आलेली, एरवी फक्त सत्यनारायणाला कपाटातून निघणारी सतरंजी. डावीकडे पाण्याची बाटली, उजवीकडे चष्म्याचं घर. मागे फलक : 'ऐतिहासिक धरोहर बचाओ'. फलकावर लिहिलेलं खोटं नव्हतं, पण बकुळाबाईंना इतिहासाचं काडीचंही प्रेम नव्हतं. त्यांना हवा होता नवरा, आणि ते फलकावर लिहिण्यासारखं नव्हतं.

हे नीट सांगायचं तर आधी देवडीचं सांगायला हवं. गल्लीच्या तोंडाशी एक दगडी कमान आहे, आत दोन्ही बाजूंना पहारेकऱ्यांना बसायचे कट्टे. आत पूर्वी संस्थानाची पागा होती. आता मोबाइलचं दुकान, एक पार्किंग आणि बरेचसे कुत्रे आहेत. संस्थान गेलं, घोडे गेले, तनखे गेले. पण काकड्यांच्या घराण्याचा एक मान होता आणि तो परत मागायला कोणी आलं नाही, म्हणून तो राहिला. दसऱ्याच्या दिवशी सकाळपासून संध्याकाळपर्यंत काकड्यांच्या पुरुषाने पगडी बांधून, हातात भाला घेऊन देवडीवर पहारा द्यायचा. बदली येईपर्यंत जागा सोडायची नाही. दुपारी घरच्या बाईने स्वतःच्या हाताने डबा आणायचा. संध्याकाळी दुसऱ्या घराण्याच्या माणसाने यायचं, विचारायचं, "पहारा कोणाचा?" याने म्हणायचं, "काकड्यांचा." त्याने म्हणायचं, "आता आमचा." की झालं. ते दुसरं घराणं संताजीरावांचं. संताजीराव मुलाकडे पुण्याला गेले आणि तिथेच वारले, तेव्हापासून संध्याकाळी जो हाताशी लागेल तो "आता आमचा" म्हणायचा.

बकुळाबाईंचे यजमान हंबीरराव आयुष्यभर सिंचाई खात्यात बडे बाबू होते. स्टेपलरहून जड हत्यार त्यांनी वर्षातून एकदाच, त्या दसऱ्याला उचललं. अशा माणसाच्या डोक्यातून आजाराने सगळं पुसून नेलं. आधी चष्मा कुठे ठेवला ते, मग घराचा रस्ता, मग मुलाचं, राजवीरचं नाव. आणि एका सकाळी हंबीररावांनी पगडी बांधली, भाला घेतला आणि ते देवडीवर जाऊन उभे राहिले. दसरा कधीच होऊन गेला होता. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले. त्यानंतर रोजच दसरा.

गल्लीने हे फार चांगलं सांभाळून घेतलं. अडचण फक्त संध्याकाळची होती, कारण बदली आल्याशिवाय हंबीरराव जागचे हलत नसत. बकुळाबाई रोज दिवे लागायच्या सुमाराला कोणीतरी शोधून आणत. कधी दूधवाला, कधी मोबाइलच्या दुकानातला पोरगा. बहुतेक वेळा कोपऱ्यावरचा कचोरीवाला भिया यायचा. "काकीजी, तम फिकर मत करो, हूँ हूँ नी!" म्हणत, मी आहे ना असा दिलासा देत तो कढई सोडून यायचा. पहिल्याच दिवशी हंबीररावांनी त्याला आपादमस्तक न्याहाळलं आणि विचारलं, "हत्यार?" भियाने तेलाने माखलेला झारा दाखवला. हंबीररावांनी थोडा विचार करून तो मंजूर केला. "सकाळी येतो," असं बजावून ते घरी निघाले.

खरी गोष्ट दुपारची होती. घरी हंबीरराव बकुळाबाईंना ओळखत नसत. फार अदबीने वागत, पण परक्या बाईशी वागावं तसं. त्या स्वतःच्या स्वयंपाकघरात पोळ्या लाटत असत आणि हे दारात उभं राहून विचारत, "बाई, आपल्याला कोणाकडे जायचंय? सोडायला कोणी पाठवू का?" आणि दुपारी त्याच बकुळाबाई डबा घेऊन देवडीवर गेल्या की त्यांचा चेहरा उजळायचा. "आलीस बकुळा? आज काय आणलंस?" मग ते कट्ट्यावर बसून जेवत, भरल्या वांग्यात कूट कमी झालं म्हणत, तिच्या माहेरच्या, कुक्षी गावच्या उन्हाळ्यांबद्दल बोलत. एकदा त्यांना कणकण होती म्हणून बकुळाबाईंनी तोच डबा त्याच वेळी घरी वाढला, तर त्यांनी जेवून हात जोडले आणि विचारलं, "आपली खानावळ कुठे असते?" बकुळाबाई त्या दिवशी न्हाणीघरात जाऊन रडल्या. दिवसातला तेवढा देवडीवरचा अर्धा तास त्या कोणाच्या तरी बायको होत्या.

आणि मग त्या देवडीवर लाल रंगाची फुली पडली. रस्ता रुंद होणार होता, कमान जाणार होती.

बकुळाबाईंनी इंदूरला राजवीरला फोन केला. "आईसाहेब, प्रॅक्टिकली सोचो ना," तो म्हणाला. "गेट तो वैसे भी गिरने वाला है. तुम्ही बाबांना घेऊन इकडे या. आमच्या सोसायटीला पण गेट आहे, गार्ड आहे. बाबा तिथे उभे राहतील, क्या फरक पडता है." मुलगा वाईट नव्हता. त्याने कधी दुपारी डबा नेला नव्हता, एवढंच.

मग सल्ल्यांना ऊत आला. महिला मंडळाच्या मालनताईंचं म्हणणं पडलं की देवडीला साडी नेसवून रोज हळदीकुंकू करावं, देवीचं ठाणं झालं की कोणी हात लावत नाही. भियाचं म्हणणं, अधिकाऱ्याला गरम कचोऱ्या पाठवाव्यात. शेवटी शेजारचे निवृत्त मुख्याध्यापक मानाजीराव म्हणाले, "वहिनीसाहेब, धरण्याला बसा. पण आधी परवानगी काढा. बिनपरवानगीचं आंदोलन तुमच्या घराण्याला शोभणार नाही."

परवानगीच्या कचेरीत बकुळाबाई तीन वेळा चुकीच्या खिडकीशी रांगेत उभ्या राहिल्या. चौथ्या खिडकीतल्या बाबूने अर्जाला जोडलेला देवडीचा फोटो पाहून विचारलं, "धरने पे कितने लोग बैठेंगे?"

"एक. मैं."

"और ये जो भाला लेकर खड़े हैं?"

"वो मेरे मिस्टर हैं. वो धरने पे नहीं हैं, पहारे पे हैं."

"अच्छा. किससे बचा रहे हैं?"

"आपसे," बकुळाबाई म्हणाल्या, आणि घाईने त्यांनी जोडलं, "लेकिन उनको अभी बताया नहीं है."

बाबू बराच वेळ पेन चावत राहिला. अखेर त्याने निर्णय दिला की निदर्शकांची परवानगी इथे मिळेल, पण पहारेकऱ्यांचा मामला ठाण्यात जाईल. ठाण्यात वेगळाच प्रश्न निघाला : भाल्याचं लायसन्स. पणजोबांच्या भाल्याचं लायसन्स कुठून आणणार? टोक झाका, एवढ्यावर तडजोड झाली. बकुळाबाईंनी घरी येऊन राजवीरचा शाळेतला पांढरा मोजा भाल्यावर चढवला आणि वर नाडी बांधली. हंबीररावांनी विचारलं, "हे काय?" त्या म्हणाल्या, "थंडी आहे." ऊन डोकं फोडत होतं. हंबीररावांनी मान डोलावली.

उरला फलकावरचा मजकूर. मानाजीरावांना शब्द नेमका हवा असतो. धरणं की ठिय्या की निदर्शनं, यावर त्यांनी बकुळाबाईंच्या ओट्यावर व्याख्यानच दिलं. "खरा शब्द पिकेटिंग, वहिनीसाहेब. पिकेट म्हणजे मुळात टोकदार खुंटी. जमिनीत ठोकायची, तिला घोडा बांधायचा. त्या खुंट्यांपाशी जागणारे जे शिपाई, त्यांना मग तेच नाव पडलं. पुढे गिरणीच्या दारात संपकरी उभे राहिले, तेही पिकेट. आपल्याकडे स्वातंत्र्याच्या लढ्यात बायका दारूच्या गुत्त्यांसमोर उभ्या राहिल्या, त्यांनी पिकेटिंग केलं. आणि दंगा झाला की चौकात पोलिसांचा तंबू पडतो, तोही पिकेट! दार राखणारा आणि दारात अडून बसणारा, दोघांना एकच शब्द. हंबीरराव आणि तुम्ही, एकाच शब्दात मावलात बघा." असं म्हणून ते स्वतःवर खूश होऊन हसले. बकुळाबाईंनी त्यांना चहा दिला. त्यांच्या मनात आलं, बरं झालं, कुठेतरी तरी मावलो.

धरणं सुरू झालं आणि त्याला पहिला विरोध केला तो हंबीररावांनी. देवडीसमोर बाई सतरंजी टाकून बसते म्हणजे काय? ते दर थोड्या वेळाने भाला रोखत येत. मोजा चढवलेला असल्यामुळे धाक बसत नसे. "बाई, इथे जमाव चालणार नाही. उठा." बकुळाबाई मुकाट्याने सतरंजी हातभर मागे ओढत. दुपार झाली की त्या उठत, मागच्या बोळातून घरी जात, डबा घेऊन पुढच्या बाजूने येत. "आलीस बकुळा?" म्हणून हंबीरराव कट्ट्यावर सरकून जागा देत आणि खालच्या आवाजात तक्रार करत, "एक बाई आहे इथे, सतरंजीवाली. भारी हट्टी. दिवसभर उन्हात बसते. कोणाची कोण, कळत नाही."

"तुम्ही हाकला ना तिला," बकुळाबाई एकदा म्हणाल्या.

"हाकलली असती. पण तिच्याकडे बघवत नाही गं. हिच्या घरी कोणी नाही की काय?"

बकुळाबाईंनी त्यांच्या ताटलीत आणखी एक पोळी वाढली आणि पदराने तोंड पुसलं. ऊन होतं, त्यामुळे ते घाम पुसल्यासारखं दिसलं.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. एका बाईचं धरणं गावाला पेलवतं. पण एका पोर्टलवाल्या पत्रकाराने मोज्याच्या भाल्याचा व्हिडिओ टाकला आणि देवडीला एकाएकी वाली फुटले. देवासला पूर्वी दोन गाद्या होत्या, थोरली पाती आणि धाकटी पाती, हे सगळ्यांना माहीत आहे. देवडी कोणत्या पातीची, हे कोणालाच नक्की माहीत नव्हतं, आणि गेली कित्येक वर्षं कोणाचं त्यावाचून अडलंही नव्हतं. आता थोरल्या पातीच्या मानकऱ्यांच्या नातवंडांनी डावीकडे मांडव घातला, धाकट्यांच्यांनी उजवीकडे. यांचा लाऊडस्पीकर, त्यांचे दोन लाऊडस्पीकर. बहुतेकांना मराठी वाचता येत नव्हतं, त्यामुळे जुन्या कागदांचे फोटो दोन्ही बाजू सारख्याच त्वेषाने, काही वेळा उलटे धरून, एकमेकांना दाखवत होत्या. मधे सतरंजीवर बकुळाबाई. त्यांना दोन्हीकडून हार येत आणि दोन्हीकडून भाषण करायचा आग्रह होई. त्या म्हणत, "माझा घसा बसलाय." मालनताईंनी या धांदलीत हळदीकुंकूही उरकून घेतलं. शेजारच्या टोंकखुर्द गावाहून ट्रॅक्टर भरून माणसं आली. त्यांना कुठल्या पातीने बोलावलं ते शेवटपर्यंत कळलं नाही, कारण ती दोन्ही मांडवांत जेवली.

मग व्हायचं ते झालं. मांडवाचा बांबू कोणी कोणाच्या हद्दीत रोवला यावरून हाणामारी झाली. दोघांची डोकी फुटली, भियाची कढई उपडी झाली. हंबीरराव देवडीत पाय रोवून, मोज्याचा भाला आडवा धरून उभे होते, आणि त्या कल्लोळात त्यांच्या अंगाला कोणी बोट लावलं नाही. बकुळाबाई मात्र त्यांच्या पुढे हात पसरून उभ्या राहिल्या होत्या. "बाई, मागे व्हा," ते ओरडत होते, "तुम्हाला लागेल!"

दुसऱ्या सकाळी तिथे पोलिसांचा तंबू पडला. खाटा, पाण्याचा माठ, बंदुकीवाले शिपाई आणि 'पुलिस पिकेट' अशी पाटी. मानाजीराव पाटी बघून इतके आनंदले की त्यांनी तिच्याबरोबर फोटो काढून घेतला. पिकेटवर मोना नावाची तरुण हवालदार होती, मनाने फार चांगली. तिने दोन्ही मांडव उठवले, फक्त बकुळाबाईंची सतरंजी राहू दिली. "अम्मा, आप बैठो. आप से किसको खतरा है."

हंबीरराव त्या दिवशी सकाळपासून तंबूकडे बघत होते. पाळी संपली की नवा शिपाई येतो, जुना त्याला सगळं सांगतो, मगच जातो, हे त्यांनी पाहिलं. दुपारी बकुळाबाई डबा घेऊन गेल्या तेव्हा त्यांचं जेवणात लक्ष नव्हतं. "बकुळा, सरकारने पक्का पहारा बसवला," ते हळूच म्हणाले. "बंदुका आहेत. रात्रीचीही माणसं आहेत." त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. इतके महिने हा माणूस किती दमला असेल, हे बकुळाबाईंना त्या क्षणी पहिल्यांदा कळलं.

संध्याकाळी भिया झारा घेऊन आला, पण हंबीररावांनी त्याला हाताने थांबवलं. ते मोनासमोर जाऊन उभे राहिले. "आपण कायम आहात?"

मोनाने बकुळाबाईंकडे पाहिलं. तिला वाटलं, म्हाताऱ्याला बरं वाटेल असं बोलावं. तिने टाचा जुळवून कडक सॅल्यूट ठोकला. "जी दादा! परमानेंट!"

"विचारा," हंबीरराव म्हणाले.

भियाने तिला कानात शब्द सांगितले. मोना अडखळत म्हणाली, "पहारा कोनाचा?"

"काकड्यांचा."

"आता आमचा."

हंबीररावांनी पगडी उतरवली. ती कट्ट्यावर ठेवली, भाला तिच्याशेजारी उभा केला. "सकाळी येतो" असं ते म्हणाले नाहीत. कोणी हात न धरता, न चुकता, ते आपल्या घराकडे चालत गेले. गल्लीने टाळ्या वाजवल्या. मालनताई रडल्या, भियाने सगळ्यांना फुकट कचोऱ्या दिल्या. बकुळाबाईंनीही टाळ्या वाजवल्या. आपण कशाला टाळ्या वाजवतो आहोत, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही.

सकाळी त्यांनी पगडी परत आणून समोर ठेवली. "पहाऱ्यावर नाही जायचं?"

"बाई, हवाली केल्यावर पुन्हा जाणं म्हणजे त्या पोरीवर अविश्वास दाखवणं," हंबीरराव समजावणीच्या सुरात म्हणाले. "आमच्या घराण्यात तसं करत नाहीत."

आणि त्याच दिवशी मानाजीराव धापा टाकत पेढे घेऊन आले. रस्ता बाजूने वळवणार, देवडी राहणार, असा हुकूम निघाला होता. दोन्ही पात्यांनी विजयाच्या दोन मिरवणुका काढल्या, एक सकाळी, एक थोड्या वेळाने. पोर्टलवर बकुळाबाईंचा हार घातलेला फोटो झळकला. राजवीरने फोन करून सांगितलं, "आईसाहेब, ऑफिस में सबको दिखाया. प्राउड हो रहा है." बकुळाबाई बरं म्हणाल्या. सतरंजी झटकून, घडी घालून त्यांनी कपाटात ठेवली.

दुपार झाली. त्यांनी ताट वाढलं. हंबीरराव पडवीतल्या बाकावर बसले होते, धुतलेला सदरा घालून, चांगली झोप झालेल्या माणसासारखे. बाई आलेली पाहून ते अदबीने उठले.

"बाई, आपण इथल्याच ना? एक काम कराल का?" ते संकोचून म्हणाले. "आमची मंडळी या वेळेला डबा घेऊन देवडीवर जाते. मी उतरलो, हे तिला कोणी सांगितलं नसणार. ती तिथे उन्हात शोधत बसेल. तिला म्हणावं, घरी ये, मी वाट बघतोय."

बकुळाबाईंनी ताट परत उचललं. मग म्हणाल्या, "सांगते."

त्यांनी ताटातलं सगळं डब्यात भरलं. डोक्यावर पदर घेतला, चपला घातल्या आणि त्या देवडीपर्यंत गेल्या. एक माणूस कमानीवरची लाल फुली खरवडत होता. मोना म्हणाली, "अम्मा, आज किसके लिए?" कट्टा रिकामा होता. त्यावर त्यांनी हात टेकला, दगड चांगलाच तापलेला होता. मग रोज देवडीवर येत तशा, ताठ मानेने, डबा उजव्या हातात धरून, त्या पुढच्या दाराने आपल्या घरात शिरल्या.

"अहो, आले हो मी."

हंबीरराव लगबगीने उठले. त्यांनी बकुळाबाईंच्या खांद्यावरून मागे, गल्लीत पाहिलं. "भेटली का?"

बकुळाबाईंनी दारातच चपला काढल्या. त्या म्हणाल्या, "भेटली. येतेच आहे म्हणाली. तुम्ही तोवर जेवून घ्या म्हणाली."

"छे, ती आल्याशिवाय कसं जेवायचं?" हंबीरराव म्हणाले आणि बाकावर थोडे सरकले. "आपण बसा ना. माझ्यामुळे उन्हातून हेलपाटा झाला."

बकुळाबाई बसल्या. डबा त्यांनी दोघांच्या मधे ठेवला, आणि त्याही त्यांच्याबरोबर दाराकडे बघत राहिल्या.